चार मीटरच्या रेघेवर

ती माणसाच्या तोंडाकडे बघून बोलायचीच नाही. समोरच्याच्या उजव्या खांद्याकडे बघायची. समोरचा डावखुरा असला तर डाव्या. आठवीच्या वर्गात मी तिला पहिल्यांदा उभं केलं ते ह्याच कारणावरून. "माझ्याकडे बघून उत्तर दे," म्हटलं, तर म्हणाली, "बघतेच आहे ना, बेन." आणि बघत होती माझ्या खांद्याकडे! मला वाटलं, ब्लाउजची शिवण उसवली की काय. तास संपल्यावर स्टाफरूमच्या आरशात मागून-पुढून बघून घेतलं. शिवण शाबूत होती.

बेन म्हणजे मी. सुरतेत मराठी शाळेतसुद्धा बाईंना बेन म्हणतात. मी मूळची साताऱ्याकडची. नवऱ्याची बँकेत बदली झाली म्हणून इथे आले, आणि बदल्या संपल्या तरी इथेच राहिले. पालिकेच्या शाळेत तीस वर्षं मराठी शिकवलं. पोरं सगळी खानदेशातली, आईबाप कापडाच्या लूमवर नाहीतर मिलमध्ये. घरी अहिराणी, गल्लीत हिंदी, दुकानात गुजराती. "तीन भाषा घडाघडा बोलणाऱ्या पोरांना तू चौथीत नापास करतेस," असं माझा नवरा म्हणायचा. त्याचं म्हणणं अगदीच खोटं नव्हतं.

माझ्या हाताला एक वाईट खोड होती. मागच्या बाकांवर कुजबुज सुरू झाली की मी खडूचा तुकडा फेकून मारायची. नेम चांगला होता माझा, उगाच विनय कशाला! एकदा असाच शेवटच्या बाकावरच्या एका बडबडीवर खडू सोडला, तर मध्येच तिसऱ्या बाकावरून हिचा हात वर आला आणि खडू मुठीत. वर्ग हसला. मी दुसरा फेकला. तोही मुठीत. तिसऱ्या वेळी मी खिडकीकडे मारते असं दाखवलं आणि भिंतीकडच्या रांगेत फेकला. हिचा हात भिंतीकडे आधीच पोचलेला. आधीच म्हणजे आधीच. खडू अजून माझ्या बोटांत होता! मला खरं तर राग यायला हवा होता, पण अंगावर काटा आला. फळ्यावरचा समास अर्धवट टाकून मी मैदानावर गेले आणि खेळाच्या सरांना वर्गात बोलावून आणलं.

सर गुजराती, हँडबॉलचे वेडे. शाळेला मैदान जेमतेम, गोलच्या जागी दोन गंजके खांब, तरी हा माणूस रोज संध्याकाळी पोरींना पळवायचा. त्यांनी मला दहा तुकडे फेकायला लावले. नऊ तिने झेलले. दहावा तिच्या कपाळावर बसला. मी धावत गेले. "लागलं का गं?"

"लागलं नाही बेन," ती म्हणाली. कपाळावर पांढरा ठिपका घेऊन ती खांद्याकडे बघत म्हणाली, "अडवलं."

सर मला हळूच म्हणाले, "बेन, आने तो गोलमां ऊभी राखवी पडे." झालं. हिला गोलात उभी करायचीच असं ठरलं, आणि तिथून सुरुवात.

आता, पोरींची टीम बाहेरगावी न्यायची तर बरोबर एक बाई लागते. सरांनी माझ्याकडे बोट दाखवलं. मला हँडबॉलमधलं ओ का ठो कळत नव्हतं. थेपले, क्रोसिन, सेफ्टीपिना आणि नियमांचं एक पुस्तक एवढं सामान घेऊन मी मॅनेजर झाले. सात-सात जणींचा खेळ, बॉल हाताने गोलमध्ये मारायचा, साठ मिनिटं. इतकं समजायला मला दोन स्पर्धा लागल्या. पण दोन नियम मात्र मला लगेच पाठ झाले, कारण दोन्ही हिच्यापायीच लागायचे.

पहिला नियम रक्ताचा. अंगावर रक्त दिसलं की खेळाडूने ताबडतोब बाहेर यायचं, ते थांबेपर्यंत आत पाऊल टाकायचं नाही. वलसाडला एका मॅचमध्ये हिच्या नाकातून धार लागली आणि पंचांनी तिला बाहेर काढलं. माझ्या मांडीवर डोकं ठेवून ती हमसून हमसून रडली. मी म्हटलं, दुखतंय का? तर म्हणे, "दुखत नाही बेन, बाहेर काढलं ना."

दुसरा नियम सात मीटरचा. मोठा फाऊल झाला की समोरच्या टीमला सात मीटरवरून एक फेक मिळते. मध्ये कुणी नाही. मारणारी एक, अडवणारी एक. गोलकीपरला पुढे यायला परवानगी असते, पण चार मीटरच्या रेघेपर्यंत. म्हणजे दोघींमध्ये तीन मीटर; आमच्या स्वयंपाकघराच्या ओट्यापासून फ्रिजपर्यंत तेवढंच अंतर आहे. बाकीच्या गोलकीपर शहाण्या, त्या अर्ध्यावर थांबतात. ही थेट रेघेला पाय लावून उभी राहायची. आणि उभ्या गोलकीपरच्या तोंडावर बॉल बसला तर मारणारीला रेड कार्ड, म्हणजे मॅचमधून हकालपट्टी. पण गोलकीपरने स्वतःच तोंड बॉलवर नेलं असेल, तर मारणारीचा गुन्हा नाही. ह्या शेवटच्या कलमाची कधी कुणाला गरज पडेल असं मला वाटलं नव्हतं. स्वतःचं तोंड कोण नेतं हो बॉलवर?

ही न्यायची. हात पोचणार नाही असं कळलं की डोकं घालायची, गाल घालायची. समोरचा एक दात तिने दहावीतच गमावला. आणि विचारायला गेलं की तेच: "लागला नाही, अडवला." तिच्या दृष्टीने ह्या दोन गोष्टींत जमीन-अस्मानाचा फरक होता. लागला म्हणजे बॉलने तुझं काहीतरी केलं. अडवला म्हणजे तू बॉलचं केलंस. एकदा एका पत्रकाराने 'चेंडू लागून जखमी' असं छापलं, तर ही बया त्या ऑफिसात जाऊन बसली. दुरुस्ती छापून घेऊनच उठली.

खांद्याचं गौडबंगाल मला कळलं ते तिच्या घरी गेले तेव्हा. पर्वत पाटियाच्या अलीकडे एका गल्लीत दोन खोल्या. आई दारात बसून साड्यांचं धागाकटिंग करत होती. साडीच्या मागचे लोंबते दोरे कापायचे, ढिगाने साड्या. वडील लूमवर. लूमचे संचे एकदा सुरू झाले की शेजारचा माणूस कानात ओरडला तरी ऐकू येत नाही. तिथे माणसं खुणांनी बोलतात. ही सातव्या वर्षापासून बापाचा डबा घेऊन खात्यात, म्हणजे लूमच्या कारखान्यात, जायची. संच्यांच्या मधली वाट एवढीशी, माणूस कधी वळेल, कधी वाकेल, कधी मागे सरकेल सांगता येत नाही, आणि "बाजूला व्हा" म्हणून उपयोग नाही. "मग खांदा बघायचा, बेन," ती म्हणाली. "माणूस वळायच्या आधी त्याचा खांदा वळतो. तोंड फसवतं. डोळे तर फारच फसवतात." हे सगळं ती आईच्या हातातली साडी ओढून घेऊन, स्वतः दोरे कापत सांगत होती. तिचे हात रिकामे राहतच नसत.

तिच्याबरोबर रस्त्यावरून चालणं म्हणजे शिक्षा. चौकात उभं राहिलं की सुरू. "ही रिक्षा डावीकडे जाणार. तो बाइकवाला थांबणार नाही. ते काका पेरू घेणार नाहीत, नुसते दाबून बघणार." आणि ते काका खरंच नुसते दाबून पुढे जायचे. मी म्हणायची, "अगं, पत्ते खेळायला बस कुठेतरी, घर चालेल." तर म्हणायची, "पत्त्याला खांदा नसतो, बेन."

नंदुरबारकडून एक स्थळ आलं होतं. मुलगा बरा, नोकरीचा. ही पोह्यांची बशी घेऊन समोर बसली आणि लागली खांद्याकडे बघायला. तो बिचारा आधी शर्ट झटकू लागला, मग पाल पडली की काय म्हणून मागे बघू लागला. दहा मिनिटांनी हिने आईला आत येऊन सांगितलं, "हा हो म्हणणार नाही. उठायच्या तयारीत आहे." बाहेर येऊन बघतात तर मंडळी चपला घालतायत. आईने कपाळावर हात मारला. ही मात्र आपला अंदाज बरोबर आला म्हणून खूश!

पुढे राज्याच्या टीमसाठी खेळली, दोनदा देशाच्या शिबिरात गेली. मग बायकांच्या हँडबॉलची लीग सुरू झाली, पगारी. बाहेरच्या एका शहराच्या टीमने तिला घेतलं. आमच्या शाळेत पेढे वाटले मी. सर तेव्हा निवृत्त झाले होते, तरी आले आणि फळ्याजवळ उभे राहून चक्क डोळे पुसले.

पण घेतलं ते दुसरी गोलकीपर म्हणून. पहिली गोलकीपर उंच, नावाजलेली. ही बेंचवर. सात मीटरची फेक आली की कोच हिला खुणावायचा. ही पळत जायची, चार मीटरच्या रेघेला पाय लावून उभी राहायची, एक बॉल अडवायची नाहीतर सोडायची, आणि पळत परत. दहा सेकंद. फार तर पंधरा. पुन्हा बेंच. एका मॅचला असं तीनदा, कधी चारदा, कधी एकदाही नाही.

तीन वर्षं तिने हेच केलं. आणि काय केलं हो! मी टीव्हीवर बघायची. लीगमधल्या मोठमोठ्या मारणाऱ्या, एकेकीचा हात म्हणजे मुसळ, हिच्यासमोर आल्या की गडबडायच्या. कारण ही हलायचीच नाही. बाकीच्या गोलकीपर नाचतात, हात हलवतात, ओरडतात. ही दोन्ही हात पसरून, पापणी न हलवता, त्यांच्या खांद्याकडे बघत उभी. पंचांची शिट्टी वाजली की मारायला तीन सेकंद असतात. त्या तीन सेकंदांत मारणारीला दहा विचार यायचे आणि हिला एकही नाही. मग बॉल सुटायचा आणि हिचा पाय नाहीतर हात तिथे आधीच. मला प्रत्येक वेळी तो खडू आठवायचा. तीन सेकंद मी श्वास घ्यायचं विसरायची, आणि नंतर एकटीच हॉलमध्ये टाळ्या वाजवायची.

तिच्या आईला मात्र ह्यात काही राम वाटत नव्हता. ती बिचारी शेजारणींना गोळा करून मोबाइलवर मॅच लावायची. एक साडी हातात घ्यायची, दोऱ्याचं टोक शोधेपर्यंत पोरगी येऊन गेलेली असायची. फोन करायची, "काय वं, तू ते दिसनीच नही!" शेजारणी म्हणायच्या, तुझी पोर तिथे पाणी देते की काय? हे मला पोरीनेच हसत हसत सांगितलं. पण शेवटी हसणं थांबलं. ती सुट्टीला घरी आली होती, आणि आम्ही दोघी त्या दिवशी शाळेबाहेरच्या लारीवर, म्हणजे हातगाडीवर, चहा पीत होतो.

"बेन, एकदाच," ती म्हणाली. "एकदाच पूर्ण मॅच. पहिल्या शिट्टीपासून शेवटच्या शिट्टीपर्यंत. साठच्या साठ मिनिटं. आई बसलीय आणि मी गोलात आहे, गोलातच आहे, हलत नाही तिथून. बस ना. मग नाही ठेवलं तरी चालेल." वय एकोणतीस झालं होतं, करार त्या वर्षी संपत होता आणि पुढे तो होणार नाही हे कोचने सांगून टाकलं होतं. एवढ्या वर्षांत तिने माझ्याजवळ काही मागितलं नव्हतं. तेव्हाही मागत नव्हती म्हणा, नुसतं सांगत होती. पण मला तो चहा कडू लागला.

त्या वर्षी लीगच्या काही मॅचेस सुरतेला होत्या. शेवटच्या साखळी मॅचच्या दिवशी सकाळी तिचा फोन आला. सरावात पहिल्या गोलकीपरचा घोटा मुरगळला होता. "बेन, आज मी आहे," एवढंच म्हणाली. नंतर म्हणाली, "पहिल्यापासून." मी फोन ठेवला आणि रिक्षा करून तिच्या आईला आणायला गेले. वडिलांना पाळी बदलून मिळाली नाही. आईने लग्नातली साडी नेसली होती.

जिंकलं तर टीम उपांत्य फेरीत, नाहीतर घरी. पण मला त्याचं काही नव्हतं. मी घड्याळाकडे बघत होते.

पहिली दहा मिनिटं बघवत नव्हती. सात मीटरवर मारणारी एकटी असते. पूर्ण मॅचमध्ये चारी बाजूंनी येतात, उड्या मारून येतात, एकीच्या आडून दुसरी मारते. सहा गोल बसले. कोच दोनदा उठून तिसऱ्या गोलकीपरशी बोलला, ती एक नवखी मुलगी होती. मी घड्याळ सोडून कोचकडे बघायला लागले. शेजारी हिची आई मात्र मजेत. तिला गोलबिल काही कळत नव्हतं. पोरगी दिसत होती, डोळ्यांसमोर होती, एवढं तिला पुरे होतं.

मग हळूहळू हिला सूर सापडला. कसा सापडला ते मला सांगता येणार नाही. तीन वर्षं बेंचवर बसून तिने एकेकीचा खांदा पाठ केला होता, ते सगळं बहुतेक तेव्हा वर आलं. कोपऱ्यातून उडी मारून आलेल्या एकीचा बॉल हिने पायाने बाहेर घालवला. लांबून आलेले दोन बॉल तर नुसते हातात घेतले, भाजीवाल्याने दिलेली कोबी घ्यावी तसे. मध्यंतरानंतर स्टेडियम तिच्या नावाने ओरडायला लागलं. खानदेशी पोरं कुठून कुठून आली होती, उधन्यापासून, पार सचिन गावापासून, ती बाकांवर उभी राहून शिट्ट्या मारत होती. मी पन्नाशी उलटलेली बाई, मीही बाकावर चढले. आई म्हणाली, "बेन, पडशात." पडले असते तरी चाललं असतं!

पन्नास मिनिटं झाली. पंचावन्न झाली. टीम एका गोलने पुढे. दीड मिनिट राहिलं आणि पंचांनी आमच्याविरुद्ध सात मीटर दिला.

मारायला आली ती समोरच्या टीमची एकोणीस-वीस वर्षांची पोरगी. पहिलंच वर्ष, डावखुरी, त्या दिवशी तिने एकटीने नऊ गोल केले होते. ही रेघेवर गेली. हात पसरले. शिट्टी वाजली. पोरीने एकदा फसवलं, दोनदा फसवलं, आणि मारला. हिचा हात खाली होता, तो वर पोचणार नव्हता. मी माझ्या डोळ्यांनी बघितलं: हिने तोंड डावीकडे नेलं. नेलं. बॉल तोंडावर आदळला आणि उसळून बाहेर गेला.

तो आवाज मला आजही ऐकू येतो. अख्खं स्टेडियम गप्प झालं.

ही गुडघ्यावर बसली, आणि उठली. ओठ घट्ट मिटलेले. मी इतक्या वर्षांची तिची मॅनेजर, मला लगेच कळलं. तिने आवंढा गिळला. पुन्हा गिळला. तोंडात रक्त होतं आणि ती ते पीत होती. रक्त दिसलं की बाहेर. दीड मिनिट राहिलं होतं. तोंड मिटून दीड मिनिट काढलं की साठ मिनिटं पूर्ण.

तिकडे मारणारी पोरगी दोन्ही हातांनी तोंड झाकून रडत होती. पंच खिशात हात घालून तिच्याकडे निघाले. रेड कार्ड. तसं झालं असतं तर त्यांची सगळ्यात चांगली मारणारी बाहेर, आमची मॅच खिशात, आणि ही गोलात. सगळं कसं जागच्या जागी! तिने फक्त गप्प राहायचं होतं.

ती पंचांच्या आडवी गेली. आणि खुणांनी सांगायला लागली. लूमच्या खात्यात सांगतात तसं, हनुवटीला बोट लावून, मग तोंड झटक्यात डावीकडे नेऊन: मी गेले, माझं तोंड गेलं. तिच्या घरात कुणालाही ते अर्ध्या क्षणात कळलं असतं. पण पंच कुठले दक्षिणेकडचे. त्यांना वाटलं, बॉल कुठे बसला ते दाखवून ही तक्रार करतेय. त्यांनी समजुतीने मान हलवली, तिचा खांदा थोपटला आणि कार्ड खिशातून अर्धं बाहेर काढलं.

तेव्हा ती थांबली. मला दिसलं की ती आता तोंड उघडणार. आणि मी, तीस वर्षं मुलांना खरं बोला म्हणून सांगणारी मी, बाकावर उभी राहून वर्गातल्या आवाजात किंचाळले, "गप्प बस! तोंड उघडू नकोस!"

तिने तोंड उघडलं.

"सर, मैं गई थी बॉल पे. मेरा मुँह गया था. मैंने रोका है." एवढंच बोलली. पण पहिल्या शब्दालाच हनुवटीवरून रक्ताची धार लागली, जर्सीवर आली. दोन्ही पंच आपापसांत बोलले. कार्ड परत खिशात गेलं. मग त्यांनी हिच्या हनुवटीकडे बोट केलं आणि नंतर बाहेर. ती गेली. जाताना त्या रडणाऱ्या पोरीच्या डोक्यावर टपली मारून गेली.

आई माझा पदर ओढत होती. "बेन, काय झायं? तिले काब्र काढं बाहेर?"

मी सांगितलं. तोंडात रक्त होतं, ते लपवलं असतं तर राहिली असती, पण त्या दुसऱ्या पोरीची चूक नव्हती, ते सांगायला हिने तोंड उघडलं. मला वाटलं आता ही माउली रडेल.

"मंग बरोबर शे," आई म्हणाली, आणि पुढची मॅच बघायला लागली.

नवख्या गोलकीपरला दोन गोल बसले. मॅच एका गोलने गेली. ते गोल त्या डावखुऱ्या पोरीनेच केले की दुसऱ्या कुणी, मला सांगता येणार नाही. मी बघतच नव्हते. टीममधल्या काहीजणी हिच्याशी बोलल्या नाहीत. कोचने नुसतं पाणी पुढे केलं. करार संपला, आणि पुढच्या वर्षी कुणी बोलावलं नाही. आता ती सचिनकडे एका शाळेत पोरींना शिकवते. साठ मिनिटं राहिली ती राहिलीच. अठ्ठावन्न आणि वर काही सेकंद, एवढीच तिच्या नावावर.

मॅचनंतर मी स्टेडियमच्या दवाखान्याच्या खोलीत गेले. ओठाला चार टाके पडले होते. डॉक्टर बाहेर गेल्यावर मी बर्फाची पिशवी तिच्या ओठाला धरली. बोलू नकोस म्हटलं, तरी ती बोललीच.

"त्या पोरीचं पहिलंच वर्ष आहे, बेन. तोंडावर मारणारी म्हणून नाव पडलं असतं. काही केलं नव्हतं तिने."

"आणि तुझी साठ मिनिटं?"

तिच्या डोळ्यांतून पाणी आलं, आणि येतच राहिलं. मी ते पुसत राहिले. तिला काय वाटत असेल ते मला कळत होतं, आणि माझ्या मनात दुसरंच काही खुपत होतं. शेवटी मी विचारलंच. "मी वरून ओरडले ते तुला... एवढ्या गोंगाटात ऐकू आलं नसेल ना?"

"गोंगाट कुठे होता, बेन? सगळे गप्प होते," ती म्हणाली. "ऐकलं ना. तुमचाच आवाज होता."

मला धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं असं झालं. बर्फाची पिशवी हातातून सुटली. तिने ती उचलली, माझ्या हातात परत दिली आणि माझा हात स्वतःच्या ओठावर नेऊन ठेवला.

"माझ्यासाठी ओरडलात ना तुम्ही," ती म्हणाली. "मनाला नका लावून घेऊ, बेन."

मी तिच्यापेक्षा पंचवीस वर्षांनी मोठी. तरी त्या क्षणी खाली वाकून तिच्या पायांना हात लावावा असं मला अगदी आतून वाटलं. कुणी आत आलं तर काय म्हणेल म्हणून लावला नाही, आणि ती चुटपुट अजून गेलेली नाही.